बबन, ती ओळ माझी होती

बबन,

तुझ्या मरणाची बातमी पेपरात दोनदा आली. पहिल्यांदा आली तेव्हा तू पिंपळवंडीच्या फाट्यावर चहा पीत होतास आणि बातमी पहिल्या पानावर होती. आता खरोखर गेलास, तर आतल्या पानावर सहा ओळी, फोटोसुद्धा नाही. पहिली बातमी माझी. दुसरी मी लिहिली नाही. पुण्याहून फोन आला होता, "तुमच्याच भागातले ना ते? थोडं काही पाठवा." मी म्हणालो, मला बरं नाही. मग त्यांनी दप्तरातलं जुनं कात्रण काढलं असणार, कारण सहातली चौथी ओळ नऊ वर्षांपूर्वीची माझीच होती, जशीच्या तशी: 'काही वर्षांपासून ते मद्याच्या आहारी गेले होते.'

काल तुझा दहावा झाला. आज सकाळपासून मी हे लिहायला बसलोय. तालुक्याचा वार्ताहर म्हणून उभा जन्म गेला. कुणाच्या घरी मयत झाली की अर्ध्या तासात माझा मजकूर तयार असायचा. तुझ्यासाठी मात्र हात चालत नाही. लाजेनं चालत नाही. हे आधीच सांगून टाकतो, नाहीतर मी पुन्हा दुःखाचं सोंग आणीन आणि तू असतास तर ते लगेच ओळखलं असतंस.

शाळेच्या नाटकात तू दरोडेखोर होतास आणि मी विंगेत पुस्तक धरून बसलेला प्रॉम्प्टर. तू संवाद विसरायचास, मी सांगायचो, आणि टाळ्या तुला पडायच्या. पुढेही तेच झालं. तू मुंबईला गेलास, कोल्हापूरला गेलास, मराठी सिनेमात नायकाचा भाऊ, फौजदार, पाटलाचा गडी, मिळेल ते केलंस. मी इथंच राहिलो आणि तुझ्यावर लिहीत राहिलो. तुला दोन वाक्यं असली तरी मी 'महत्त्वपूर्ण भूमिका' लिहायचो. सिनेमा चार दिवसांत टॉकीजवरून उतरला तरी माझ्याकडे 'प्रेक्षकांचा उदंड प्रतिसाद' असायचाच. तू वाचून हसायचास. "सद्या, तू म्हंजी लग्नातला वाजंत्री हायेस राव. नवरी कशी का असंना, तुझी पिपाणी चालूच!" पण कात्रण नीट घडी करून खिशात घालायचास. निर्मात्याला दाखवायला बरं पडतं म्हणायचास. बाकीच्या वार्ताहरांकडे खड्डे आणि पाणीटंचाई होती; माझ्याकडे सिनेमातला माणूस होता. त्याचा मला तोरा होता, हे तुला कधी बोललो नाही.

पारगावचा गणपती आठवतो? मंडळानं मुंबईची एक नटी येणार म्हणून दवंडी पिटली होती. नटी काही आली नाही. मग तुला उभं केलं. लोक 'बाई कुठंय, बाई कुठंय' करत शिट्ट्या मारत होते. तू माइक हातात घेतलास आणि म्हणालास, "बाई न्हाई आल्या, पर बाईचा दीर आलाय! शिनेमात तरी तेच नातं हाय आमचं." हसून हसून पब्लिक थंड झालं. दुसऱ्या दिवशी मी छापलं, 'सुप्रसिद्ध अभिनेत्याच्या उपस्थितीने वातावरण भारावले.' तू विचारलंस, "शिट्ट्या मारल्या त्या न्हाई लिवल्या?" मी म्हणालो, "त्या कशा लिहायच्या?" तू नुसता 'हं' म्हणालास. त्या 'हं'मध्ये काय होतं ते मला फार उशिरा कळलं.

प्यायचास, ते खरं. एक काळ होता. शूटिंगवरून यायचास ते डोलतच. मग तुझी वैशाली पहिलीत असताना तिच्या शाळेच्या गॅदरिंगला तू तसाच गेलास. पोरगी कोळ्याचा नाच करत होती. तिनं तुला दारात धडपडताना पाहिलं आणि नाच सोडून पडद्यामागं पळाली. दुसऱ्या दिवशी सकाळी तू माझ्या घरी आलास, आंघोळ करून, कपाळाला गंध लावून. माझ्या आईच्या पाया पडलास. "सद्या, आजपासून बंद. तू पेपरवाला, तू साक्षीदार. पुन्यांदा घेतली तर पयल्या पानावर छाप." आई म्हणाली, "अरं, आसं वंगाळ बोलू नये." तू म्हणालास, "बोलू दे आत्या. ह्याच्या पेपराचं भ्याव आसंल तरच सुटंल."

आणि सोडलीस. चार वर्षं मी पाहत होतो. लग्नात, जत्रेत, शूटिंगच्या पार्टीत तू लिंबू सरबताचा ग्लास धरून बसायचास. मी साक्षीदार होतो, बबन. मला पक्कं माहीत होतं.

त्या साली दिवाळीच्या तोंडावर तू गावी आलास तो वेगळाच दिसत होतास. एका चित्रपटात तुला मास्तरांची भूमिका मिळाली होती. मुख्य भूमिका. पोस्टरवर पहिल्यांदाच तुझा चेहरा लागणार होता. मी लगेच खिशातून पेन काढलं, तर तू माझा हात धरलास. "आत्ता न्हाई. सही होऊ दे. येकदा तरी खरं झाल्यावर छाप."

दोन दिवसांनी तू खळ्यात बसलेला असताना कावळा तुझ्या डोक्यावर बसला आणि उडाला. हा रिवाज तुला काय सांगायचा, पण पुण्याच्या उपसंपादकाला तो नंतर समजावून सांगताना माझी फेफे उडाली होती. कावळा डोक्यावर बसला की ते मरणाचं बोलावणं. ते परतवायचं तर त्या माणसाच्या मरणाची खोटी खबर नातलगांकडे धाडायची. ते खरं समजून रडले की मरण भागतं, माणूस वाचतो. तू हसलास, पण तुझी आई घाबरली. तिनं शेजारच्या गुलाबतात्यांना तिच्या माहेरी, मढला, तुझ्या मामाकडे पाठवलं. सांगायचं, बबन गेला. त्यांचं रडून होऊ द्यायचं. मग ती माणसं एसटीत बसायच्या आधी थांब्यावर त्यांना गाठून खरं सांगायचं.

त्या दिवशी मी माळशेजात दरड कोसळली म्हणून तिकडे गेलो होतो. परत येताना मढमध्ये रडारड ऐकू आली. घर ओळखीचं होतं. आत गेलो तर तुझी मामी जमिनीवर डोकं आपटत होती, "गेला रं माझा बबन!" मामा भिंतीला टेकून बसले होते. "सकाळी निरोप आला," एवढंच म्हणाले. मी तिथं रडलो. ते खोटं नव्हतं. पण रडत असतानाच बातमीचं पहिलं वाक्य डोक्यात तयार झालं, आणि ते चांगलं झालंय असं मला वाटलं. हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही.

बाहेर आलो. जीपमध्ये जागा मिळाली. जीप थांब्यावरून वळली तेव्हा चहाच्या टपरीवर गुलाबतात्या दिसले. भजी खात होते. मला पाहून त्यांनी हात केला, मीही केला. शेजारच्या घरात प्रेत असताना आपल्या गावचा माणूस परगावी भजी खात बसेल का? एवढं साधं मला कळायला हवं होतं. जीप थांबवून एक शब्द विचारला असता तर पुढचं काही झालं नसतं. माझ्या चुलतीच्या डोक्यावर कावळा बसला तेव्हा अशीच खबर मी लहानपणी स्वतः पोचवून आलो होतो. म्हणजे रिवाजही मला ठाऊक होता. पण मला घाई होती. दुसरा कुणी माझ्या आधी फोन करील याची मला धास्ती होती.

ओतूरच्या एसटीडी बूथवरून, खात्री करायला, आधी आपल्या पिंपळवंडीच्या डेअरीत फोन लावला. लागला नाही. एकदाच लावला. दुसऱ्यांदा लावला नाही. लगेच पुणे लावलं. उपसंपादक सगळं उतरवून घेत होता. मग म्हणाला, "कशानं गेले?" मी म्हणालो, कळलं नाही अजून. "वय तर फारच कमी आहे. प्यायचे का?" मी बूथच्या मीटरवर पळणारे आकडे पाहिले. तो म्हणाला, "अहो, काही कारण असलं तर पहिल्या पानावर घेता येईल. सिनेमातला माणूस आहे."

मी म्हणालो, "हो. प्यायचे."

आणि मग ती ओळ मीच सांगितली, शब्द न् शब्द, माझ्या नावासकट. कुणी माझ्या तोंडात कोंबली नाही. चार वर्षांचं लिंबू सरबत मला तेव्हाही आठवत होतं. पण तुझ्याबरोबर मी एकदा तरी पहिल्या पानावर येणार होतो, आणि मेलेला माणूस काय विचारायला येतोय, असं मनात आलं. तू मेलास असं समजून मी तुझ्याबद्दल काय लिहिलं, ते तू जिवंतपणी वाचलंस. असं कुणाच्या वैऱ्याच्याही वाट्याला येऊ नये.

रात्री गाडी नव्हती म्हणून ओतूरलाच राहिलो. सकाळी पांढरा सदरा घालून, झेंडूचा हार घेऊन मी फाट्यावर उतरलो. टपरीवर गर्दी. मध्ये तू, हातात पेपर. "या, वार्ताहर! हार कुणाला आणला?" सगळे खो खो हसले. तू उठून माझ्या हातातला हार घेतलास आणि स्वतःच गळ्यात घातलास. मग खुर्चीवर उभा राहून, सिनेमातल्या फौजदाराच्या आवाजात, स्वतःच्या मरणाची बातमी वाचायला लागलास. 'आपल्या मातीतला हरहुन्नरी कलावंत...' लोक टाळ्या पिटत होते. चौथ्या ओळीशी आलास आणि थांबलास. एवढासाच थांबलास. ती ओळ वगळून पुढची वाचलीस. माझ्याकडे पाहिलंही नाहीस.

लोक पांगल्यावर मला जरा बाजूला घेतलंस. "आयुष्य वाढवलंस गड्या माझं. मेलो ते खोडू नको वाटलं तर, लोकांना दिसतुया मी जित्ता हाय. पर ती दारूची वळ तेवढी खोड. सही व्हायचीय माझी." मी म्हणालो, "उद्याच्या उद्या."

दुसऱ्या दिवशी खुलासा आला. 'निधनाचे वृत्त अनवधानाने प्रसिद्ध झाले, ते सुखरूप आहेत.' बस. दारूबद्दल अक्षर नाही. मी फोनवर म्हणालो, "ते मद्याचंही..." तर पलीकडून प्रश्न आला, "का, प्यायचे असं तुम्हीच म्हणालात ना? मग ते खोटं होतं का?" खोटं होतं म्हटलं असतं तर मेलेल्या माणसावर मी जाणूनबुजून खोटं घातलं असा अर्थ झाला असता, आणि तोच खरा अर्थ होता. माझं वार्ताहरपण गेलं असतं. मी म्हणालो, "नाही, राहू द्या."

तुला मी सांगितलं, ते ऐकत नाहीत. बबन, त्यांनी नकार दिलाच नव्हता. मी मागितलंच नव्हतं. तू मान हलवलीस आणि म्हणालास, "असू दे. तू तरी काय करणार?"

आठवड्यानं निर्मात्याचा फोन आला. जिवंत आहात ते ऐकून आनंद झाला म्हणाला. महिनाभराचं आउटडोअर आहे, पिणाऱ्या माणसाची जोखीम नको, पुढच्या वेळी बघू म्हणाला. मास्तरांची भूमिका दुसऱ्यानं केली. तो सिनेमा बघायला तू मला नेलंस. मध्यंतरात पॉपकॉर्न आणलेस. "चांगला केलाय त्यानं," म्हणालास. "चष्मा तेवढा मी जरा खाली घेतला आसता." पुढं पुन्हा तेच फौजदार, तेच गडी, नंतर मालिकांत एखाद-दोन दिवसांचं काम, आणि मग फक्त शेतातले टोमॅटो.

आपलं एकच भांडण अर्धं राहिलं. कॅनॉलच्या कठड्यावर बसलो होतो. त्या दिवसांत टीव्हीवर कुठल्याशा नटाच्या लफड्याची बातमी चालू होती आणि मी म्हणालो, आजकाल काय वाटेल ते दाखवतात, हे सिनेमावाले खटला का भरत नाहीत? तू म्हणालास, "कुठल्या तोंडानं भरायचा? तुमी आमचं चांगलं लिवता ते बी खोटंच आसतंय. तवा आमी दात काढून कात्रणं जपतो. मग वाईट खोटं आलं की बोंब मारायची व्हय?" मी म्हणालो, ते वेगळं, हे वेगळं. कुणाचं नुकसान होतं ते पाहावं लागतं. तू म्हणालास, "पारगावच्या शिट्ट्या लिवल्या आसत्यास ना सद्या, तर मंग तुझं समदंच लोकांनी खरं मानलं आसतं. माझा खुलासा बी." मी चिडलो. खरं तर मला तिथंच सांगायचं होतं, की तुझा खुलासा मी मागितलाच नव्हता. त्याऐवजी मी म्हणालो, तुला पेपरातलं काही कळत नाही. तू हसलास आणि कठड्यावरून उठलास. म्हणालास, बोलू पुन्हा कधीतरी. त्यावर आपण पुन्हा बोललो नाही.

काल घाटावर खूप माणसं होती. आपल्याकडच्या दहाव्याला भाषणं लागतातच, आणि नावं पुकारायला नेहमीप्रमाणे मीच. पिंडाला कावळा शिवला की नाही ते मी पाहिलं नाही. मी माइकच्या वायरीशी खटपट करत होतो. चार पुढारी बोलले. चौघांनीही तुझ्या सिनेमांची नावं चुकवली. शेवटी मी स्वतः बोललो. आदल्या दिवशी मनाशी ठरवलं होतं, एवढ्या माणसांसमोर सांगायचं, की हा माणूस पीत नव्हता आणि हे मला माहीत असताना मी लिहिलं. माइक हातात घेतला आणि तोंडातून निघालं, 'आपल्या मातीतला हरहुन्नरी कलावंत.' तेच. नऊ वर्षांपूर्वीचं. खाली बसलो तर शालनवहिनी पदर डोळ्याला लावून म्हणाल्या, "भावजी, लई चांगलं बोललात." त्यांच्यासमोर बसवेना मला.

जेवणं उरकली, पाहुणे निघाले, तेव्हा वैशाली माझ्याजवळ येऊन बसली. मंचरला दिलीय तिला, पुढच्या महिन्यात बाळंत होईल. म्हणाली, "काका, येक इचारू? खरं सांगाल?"

"विचार."

"तुमी ते पेपरात लिवलं व्हतं, आण्णा गेले म्हणून... तवा आण्णा पीत व्हते का?"

मी म्हणालो, "नाही, बाळा. तू पहिलीत होतीस तेव्हा सोडली त्यानं. त्यानंतर थेंब घेतला नव्हता."

"मंग लिवलं कशापायी?"

"मोठी बातमी व्हावी म्हणून."

ती रागावेल असं वाटलं होतं. रागावली असती तर बरं झालं असतं. ती नुसती हातातल्या बांगड्या वर-खाली करत राहिली. मी विचारलं, "तो तुला कधी म्हणाला नाही का, की ते खोटं आहे?"

"न्हाई. तुमी घरात येत व्हता. तुमी खोटं लिवलं आसं कसं म्हणत्याल ते?" मग म्हणाली, "मी पाचवीत व्हते काका. पेपरात आलंय म्हंजी खरंच आसंल, चोरून पीत आसत्याल, आसं वाटायचं. शूटिंगवरनं आले की मी पळत जाऊन त्यांच्या गळ्यात पडायची. समदी म्हणायची, लेकीचा बापावर लई जीव. मी तोंडाचा वास घ्यायची. लग्न होईस्तवर घेतला. त्यांना कळलं व्हतं. पुढं पुढं तर मी जवळ गेले की ते आपणहून खाली वाकायचे आन् तोंड उघडून मोठा श्वास सोडायचे."

तू वाकायचास, बबन. माझ्या एका ओळीपायी स्वतःच्या लेकीपुढं तोंड उघडून उभा राहायचास. आणि मी मागून दारात आलो की त्याच तोंडानं म्हणायचास, "ये सद्या, आत ये, चहा ठेवायला सांगतो."